हवेला घातलेले कुंपण

मामाचा गाव म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे आंब्याची बाग येते, विहिरीवरची मोट येते, झुकझुक करीत जाणारी गाडी येते. माझ्या मामाचा गाव कॅनडात आहे. तिथे आंबा नाही, विहीर नाही, आणि वर्षाचे पाच महिने बर्फ असतो. या गावाला मी प्रथम गेले ती वयाची चाळिशी उलटल्यावर, 2024 च्या जानेवारीत, कॉलेजातून दोन महिन्यांची रजा काढून. सामानात मामासाठी भाजणीच्या चकल्यांचा डबा होता, आणि मनात एक साधा बेत होता. म्हाताऱ्या मामाजवळ बसायचे, गप्पा मारायच्या, आईच्या लहानपणच्या गोष्टी ऐकायच्या आणि परत यायचे.

त्याऐवजी माझी अर्धी रजा एका हॉकी संघाचे सामने टेलिव्हिजनवर दिसावेत म्हणून खटपट करण्यात गेली! घरी येऊन हे सांगितले तेव्हा सगळे हसले. मराठीची प्राध्यापिका आणि हॉकी! पण वाचकहो, ती खटपट वाया गेली असे मला आजही वाटत नाही. एका म्हाताऱ्या माणसाला त्याचा आवडता खेळ पाहता येऊ नये यामागे केवढा व्यवहार दडलेला असतो, आणि आपण ज्याला ‘हवा’ म्हणतो तिलाही कशी कुंपणे घातलेली असतात, हे त्या दोन महिन्यांत मला कळले.

मामाचा संघ

मामा 1974 साली सांगलीहून मॉन्ट्रियलला गेला. वय पंचवीस, हातात यंत्र-अभियांत्रिकीची पदवी, आणि कामचलाऊ इंग्रजी. मॉन्ट्रियल हे क्यूबेक प्रांतातले शहर. तिथली बहुसंख्य माणसे फ्रेंच बोलतात. मामाला ते ठाऊक होते, पण कारखान्यातले नकाशे इंग्रजीत, साहेब इंग्रजीत बोलणारा, त्यामुळे पहिली तीन वर्षे निभावली. मग 1977 साली क्यूबेकने भाषेचा कायदा केला. कचेरीत, कारखान्यात, दुकानाच्या पाटीवर फ्रेंच आली. कितीतरी इंग्रजी बोलणारी मंडळी टोरांटोला निघून गेली. मामाने मात्र ठरवले की भाषा शिकायची.

शिकवणी लावायला पैसे नव्हते. पण घरात एक जुना दूरदर्शन संच होता आणि त्याच्यावर सशाच्या कानांसारख्या दोन तारा होत्या. त्या तारा जरा इकडे-तिकडे फिरवल्या की शनिवारी रात्री सरकारी फ्रेंच वाहिनीवर हॉकीचा सामना लागे. फुकट! मामा आणि मामी वही-पेन्सिल घेऊन त्याच्यापुढे बसत.

ही हॉकी आपली नव्हे. आपली हॉकी मैदानावरची, ध्यानचंदांची. ही बर्फावरची. दोनशे फूट लांब आणि पंच्याऐंशी फूट रुंद असे बर्फाचे अंगण, प्रत्येक बाजूला गोलरक्षक धरून सहा खेळाडू, पायांत धारदार पट्ट्यांचे बूट, आणि चेंडूऐवजी रबराची एक काळी चकती. ती तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाडीची असते. वीस-वीस मिनिटांचे तीन डाव. ऑक्टोबरच्या सुमारास हंगाम सुरू होतो आणि एप्रिलपर्यंत प्रत्येक संघ ऐंशीहून अधिक सामने खेळतो. त्यानंतर स्टॅन्ली चषकासाठी बाद फेरी चालते ती जूनपर्यंत.

मॉन्ट्रियलच्या संघाचे नाव ‘कॅनेडियन्स’. या संघाने आजवर चोवीस वेळा तो चषक जिंकला आहे, इतका दुसऱ्या कोणीही नाही. मामा गेला तो काळ तर संघाच्या वैभवाचा. 1976 ते 1979 अशी सलग चार वर्षे चषक मॉन्ट्रियललाच आला. गी लाफ्लर नावाचा खेळाडू सोनेरी केस उडवीत चकती घेऊन निघाला की मामी स्वयंपाकघरातून पळत बाहेर यायची, असे मामा सांगतो.

“अगं, तुझी मामी फ्रेंच बोलायला शिकली ती आधी ‘गोल झाला’ म्हणायला, आणि मग ‘दूध द्या’ म्हणायला!”

भाषा जी खेळातून शिकली

यातली एक गोष्ट मला भाषेची शिक्षिका म्हणून फार महत्त्वाची वाटली. मामा ज्या आवाजाकडून फ्रेंच शिकला तो रने लकाव्हालिए या समालोचकाचा. 11 ऑक्टोबर 1952 रोजी मॉन्ट्रियल आणि डेट्रॉइट यांचा सामना कॅनडाच्या फ्रेंच टेलिव्हिजनवर दाखवला गेला, आणि तेव्हापासून पुढे तीस वर्षांहून अधिक काळ हा माणूस धावते वर्णन करीत राहिला. त्याच्या आधी फ्रेंच पोरेसुद्धा खेळताना इंग्रजीच शब्द वापरीत. चकतीला ‘पक’ म्हणत, जोरदार फटक्याला ‘स्लॅप शॉट’ म्हणत. लकाव्हालिएने चकतीला ‘रोंदेल’ म्हटले, फटक्याला ‘लांसे फ्रापे’ म्हटले, आणि असे एकेक शब्द दर शनिवारी लाखो घरांत पोचवले.  खेळ रंगात आला असताना तोंडी बसलेला शब्द पुसला जात नाही.

आपल्याकडे बाळ ज. पंडितांनी क्रिकेटचे धावते वर्णन मराठीत रुजवले ते आठवा. चौकार, षटकार, झेल, षटक हे शब्द शाळेच्या पुस्तकातून आपल्या तोंडी आले नाहीत, ते रेडिओतून आले. चहाच्या हॉटेलात उभे राहून ऐकलेली मराठी ती! मामाला मी हे सांगितले तेव्हा तो खूश झाला. म्हणाला, “मग तुला कळेल. मला सामना नुसता बघायचा नसतो गं, मला तो त्या भाषेत ऐकायचा असतो.”

त्या लोकांना हॉकी म्हणजे केवळ खेळ नव्हे, हे त्यांच्या साहित्यातही दिसते. रॉक कारिए या लेखकाची एक छोटी कथा आहे. क्यूबेकच्या खेड्यातल्या एका मुलाला मॉन्ट्रियल संघाचा तांबडा स्वेटर हवा असतो, नऊ नंबरचा, मोरीस रिशारचा. आई टपालाने मागवते, आणि येतो तो टोरांटोच्या ‘मेपल लीफ्स’ संघाचा निळा स्वेटर! गावातली सगळी पोरे तांबड्यात आणि हा एकटा निळ्यात. या कथेतले वाक्य कॅनडाने 2002 साली काढलेल्या पाच डॉलरच्या नोटेवर छापले. एका पोराच्या स्वेटरचे दुःख ज्या देशाच्या नोटेवर जाऊन बसते, त्या देशात हॉकीचे सामने पाहणे सोपे असेल, असे कोणालाही वाटेल. मलाही वाटले होते.

‘आपल्या भागात उपलब्ध नाही’

2018 साली मामी गेली. पुढच्या वर्षी माझी मामेबहीण मामाला टोरांटोशेजारच्या मिसिसागा गावी आपल्या घरी घेऊन आली. घर मोठे, माणसे प्रेमळ, काही कमी नाही. पण मामाचे डोळे तोपर्यंत अधू झाले होते. डोळ्यांतल्या पडद्याचा मधला भाग झिजतो असा तो विकार. कडेचे दिसते, पण जिथे नजर लावावी तिथेच धूसर. समोर बसलेल्या माणसाचे तोंड दिसत नाही, खिडकीची चौकट दिसते. बर्फावरची ती काळी चकती दिसण्याचा तर प्रश्नच नव्हता. म्हणजे आता सामना सगळा कानांवर. आणि कानांना हवी होती फ्रेंच.

शनिवारी अडचण नव्हती. शनिवारचे सामने तेव्हा फ्रेंचमधूनही देशभर दाखवीत. पण संघाच्या 82 सामन्यांपैकी फ्रेंच भाषेतले साठ सामने एका क्रीडावाहिनीकडे होते आणि ते मंगळवारी, गुरुवारी, अधल्यामधल्या वारी असत. मंगळवारी संध्याकाळी सात वाजले की मामा आपला जुना तांबडा स्वेटर घालून खुर्चीत येऊन बसे, थोडा वेळ गप्प राही, आणि मग उठून खोलीत जाई.

मी गेल्यावर पहिल्याच मंगळवारी हे पाहिले आणि म्हटले, “मामा, एवढंच ना? मी बघते काय करायचं ते.”

केबलवाल्या कंपनीला फोन लावला. वीस मिनिटे संगीत ऐकवून झाल्यावर एक गोड आवाज म्हणाला की ती फ्रेंच वाहिनी घेता येईल, महिन्याची वर्गणी थोडी वाढेल. बहिणीने ताबडतोब होकार दिला. गुरुवारी आम्ही सगळे सात वाजता तयार! मी चकल्या काढल्या. वाहिनी लागली, दोन माणसे फ्रेंचमध्ये सामन्याविषयी बोलू लागली, मामाचा चेहरा उजळला. आणि सामना सुरू होण्याच्या क्षणी पडद्यावर काळी पाटी आली. त्यावर लिहिले होते, हा कार्यक्रम आपल्या भागात उपलब्ध नाही.

मी पुन्हा फोन केला. या वेळी आवाज तितका गोड नव्हता. “बाई, तुम्ही वाहिनीचे पैसे भरलेत. सामन्याचे नाही.”

माझी आई युद्धाच्या दिवसांतल्या ब्लॅक-आउटच्या गोष्टी सांगायची. खिडक्यांना काळे कागद लावायचे आणि दिवा विझवून बसायचे. या काळ्या पाटीलाही तिकडे ब्लॅक-आउटच म्हणतात. फरक इतकाच की त्या काळोखात आपण शत्रूपासून लपत होतो, आणि या काळोखात आपल्याच पैशाने बसायचे होते.

कुंपण कोणी घातले?

मी खोदून खोदून विचारायला लागले. घरातल्या चौदा वर्षांच्या भाच्याने मला बरेचसे समजावून दिले. तो शाळेच्या संघात खेळतो, आणि या विषयावर त्याचे ज्ञान आमच्या विद्यापीठातल्या कित्येक विद्वानांना लाजवील.

व्यवहार असा आहे. या व्यावसायिक हॉकी संघटनेतल्या प्रत्येक संघाला एक मुलूख तोडून दिलेला आहे. पूर्वीच्या संस्थानांसारखा! काही सामने ‘राष्ट्रीय’ म्हणून संघटना स्वतः विकते. ते देशभर दिसतात. उरलेले ‘प्रादेशिक’ सामने ज्याचा तो संघ आपल्या मुलखातल्या वाहिनीला विकतो, आणि त्या वाहिनीने ते मुलखाबाहेर दाखवायचे नाहीत असा करार असतो. मॉन्ट्रियलच्या मुलखात क्यूबेक येते, ओन्टारियो प्रांताचा पूर्वेकडचा तुकडा येतो, अटलांटिक किनाऱ्याचे प्रांत येतात. मिसिसागा पडते टोरांटोच्या मुलखात. तुमचा पोस्टाचा पत्ता कोणता, यावर तुमच्या खोक्यात चित्र सोडायचे की काळी पाटी, हे ठरते. मामाने घर बदलले तेव्हा आपण सरहद्द ओलांडली हे त्याला कोणी सांगितले नव्हते.

याहून कडू गोष्ट म्हणजे, हे पूर्वी असे नव्हते. सरकारी फ्रेंच वाहिनीवरचा शनिवारचा तो जुना कार्यक्रम 2004 साली बंद झाला, आणि सामने पैसे देऊन घ्यायच्या क्रीडावाहिनीकडे गेले. तरी तेव्हा ते देशभर दिसत. 2013 च्या नोव्हेंबरात रॉजर्स कंपनीने बारा वर्षांचे राष्ट्रीय हक्क 5.2 अब्ज कॅनेडियन डॉलरना घेतले, आणि 2014 च्या हंगामापासून फ्रेंच सामन्यांचेही राष्ट्रीय आणि प्रादेशिक असे दोन वाटे झाले. मुलखाबाहेर राहणाऱ्या फ्रेंच माणसाच्या वाट्याला काळी पाटी आली. 2025 च्या एप्रिलमध्ये त्याच कंपनीने पुढच्या बारा वर्षांसाठी अकरा अब्जांचा नवा करार जाहीर केला. म्हणजे भाव दुपटीहून वर गेला. इतके पैसे मोजणारा आपल्या मालाला कुंपण घालणार, यात नवल नाही.

एका मालकाचा हट्ट

कुंपण घालून मालकाचा फायदा होतोच का? याचे उत्तर मला शिकागोच्या एका गोष्टीत सापडले.

खेळ दाखवला तर तिकीट कोण काढील, ही भीती फार जुनी आहे. 1923 साली फॉस्टर ह्युइट याने टोरांटोहून रेडिओवर हॉकीचे वर्णन सुरू केले तेव्हाही ती होतीच. 1 नोव्हेंबर 1952 रोजी टोरांटोचा सामना इंग्रजी टेलिव्हिजनवर आला. पण पहिली कित्येक वर्षे सामन्याचा सुरुवातीचा भाग दाखवीतच नसत. ज्याला पूर्ण खेळ पाहायचा त्याने तिकीट काढावे! पुढे ही भीती बहुतेकांनी सोडून दिली. शिकागोच्या ‘ब्लॅकहॉक्स’ संघाचे मालक बिल वर्ट्झ यांनी मात्र ती शेवटपर्यंत सोडली नाही. संघाचे घरच्या मैदानावरचे सामने शिकागोतल्या लोकांना टेलिव्हिजनवर सहसा दिसत नसत. हंगामाचे तिकीट काढणाऱ्यावर तो अन्याय होईल, असे त्यांचे म्हणणे. हे म्हणणे अगदीच खोटे होते असे नाही. पैसे मोजणाऱ्याची बाजूही बाजूच असते.

पण झाले काय? पोरांनी जो खेळ घरात पाहिलाच नाही, त्याची ओढ त्यांना लागावी कशी? एक अख्खी पिढी संघाला विसरली, आणि मैदान ओस पडू लागले. 2007 च्या सप्टेंबरात बिल वर्ट्झ वारले. संघ मुलाच्या, रॉकी वर्ट्झच्या हाती आला. त्याने त्याच हंगामात घरचे काही सामने दाखवायला सुरुवात केली आणि पुढच्या हंगामापासून सगळेच. मैदान पुन्हा भरू लागले. 2010 साली ब्लॅकहॉक्सने चषक जिंकला, 1961 नंतर प्रथमच. टेलिव्हिजनमुळे चषक मिळत नाही, तो खेळाडूंमुळे मिळतो, हे मलाही कळते. पण मैदानातल्या रिकाम्या खुर्च्या भरल्या त्या घरातल्या खुर्च्यांमुळे, एवढे खरे.

आपल्या देशात हा वाद वेगळ्या वाटेने गेला. 1993 च्या हीरो चषक क्रिकेट सामन्यांच्या प्रक्षेपणावरून भांडण झाले, ते सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि 1995 साली न्यायालयाने सांगितले की हवेतल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे. पुढे 2007 साली कायदा झाला, आणि राष्ट्रीय महत्त्वाच्या क्रीडास्पर्धांचे चित्र खाजगी वाहिन्यांनी प्रसारभारतीलाही दिले पाहिजे असे ठरले. त्यामुळे खेड्यातल्या माणसाला भारताचा मोठा सामना दूरदर्शनवर दिसतो. मामाला हे सांगितले तर तो म्हणाला, “राष्ट्राचा संघ दिसतो गं. गावाचा संघ कोण दाखवणार?” त्यावर मला उत्तर सुचले नाही. मामाच्या संघाचा मुलूख होता, पण मामाच त्या मुलखात नव्हता.

मागचे दार

भाच्याने एक संध्याकाळी हळूच सांगितले, “मावशी, दोन मिनिटांचं काम आहे. चोरून दाखवणाऱ्या जागा असतात. नाहीतर आपण मॉन्ट्रियलमध्येच आहोत असं संगणकाला भासवता येतं.”

खरे सांगते, मला मोह झाला. पण मामाने ऐकले होते. अधू डोळ्यांच्या माणसाचे कान तिखट असतात.

“नको रे बाळा,” तो म्हणाला. “पंचेचाळीस वर्षं मी त्या गावात राहिलो. नोकरी केली, कर भरला, तुझ्या आजीला तिथंच निरोप दिला. त्या गावात मी आता मागच्या दारानं नाही शिरणार.”

भाचा वरमला. मग आम्ही मामाला जवळच्या एका खाणावळीत घेऊन गेलो. तिथे भिंतीवर सात-आठ पडदे होते. सगळ्यांवर टोरांटोचा सामना. सगळी माणसे निळ्या स्वेटरात आणि मध्ये माझा मामा तांबड्यात! कारिएची गोष्ट उलटी होऊन आमच्यापुढे बसली होती. तिथल्या पोराने आपुलकीने विचारले, “आजोबा, तुमचा संघ शेवटचा जिंकला कधी?” मामा म्हणाला, “1993. तुमचा?” पोरगा हसला. टोरांटोने चषक शेवटचा जिंकला तो 1967 साली! सगळ्या टेबलांवर हशा पिकला. त्या रात्री मामा बऱ्याच दिवसांनी मोकळा हसला. पण घरी येताना गाडीत म्हणाला, “आवाज फार होता गं. काही ऐकूच आलं नाही.”

अखेर बहिणीने सरळ मार्ग काढला. मुलखाबाहेरचे सामने दाखवणारी एक वेगळी वर्गणी असते. ती महाग, पण रीतसर. तिने ती भरली. पुढच्या मंगळवारी मॉन्ट्रियलचा सामना आमच्या पडद्यावर अवतरला. काळी पाटी नाही, काही नाही. आम्ही टाळ्या वाजवल्या. आणि आवाज सुरू झाला. तो इंग्रजी होता.

मामा काही बोलला नाही. “छान दिसतंय,” एवढेच म्हणाला. त्याला काय दिसत होते ते आम्हा सगळ्यांना ठाऊक होते.

मादामचा फोन

मॉन्ट्रियलमध्ये जुन्या वस्त्यांत तीन मजली घरे असतात, आणि त्यांचे जिने घराच्या बाहेरून वळणे घेत वर चढतात. तशा घरात मामा वरच्या मजल्यावर राहत असे आणि खालच्या मजल्यावर एक विधवा बाई. मामा तिला ‘मादाम’ म्हणतो. आता तिची ऐंशी उलटली आहे. मामी दिवाळीला तिच्याकडे फराळाचे ताट पाठवी. हॉकीचा हंगाम आणि आपली दिवाळी दोन्ही आसपास येतात. त्यामुळे त्या बाईंची अशी पक्की समजूत होती की हिंदू लोक हॉकी सुरू झाल्याबद्दल सण करतात आणि चकली हे सामना पाहताना खायचे पक्वान्न आहे!

मी आणलेल्या चकल्यांतल्या थोड्या मामाने तिला टपालाने पाठवल्या होत्या. त्या पोचल्याचे सांगायला तिचा फोन आला, आणि बरोबर त्या गुरुवारी सात वाजता आला. मामा बोलत होता, मी शेजारी होते. फोनमधून मागे तिचा टेलिव्हिजन ऐकू येत होता. मामा बोलता बोलता थांबला. त्याने फोन कानाशी घट्ट धरला. पलीकडे फ्रेंचमधून धावते वर्णन चालले होते.

त्याने तिला काहीतरी विचारले. ती मोठ्याने हसली, हे मलाही ऐकू आले. मग पलीकडे खडखड झाली, खुर्ची सरकली, आणि तो आवाज एकदम स्वच्छ, मोठा झाला. बाईंनी फोन टेलिव्हिजनसमोरच्या मेजावर ठेवून दिला होता.

इकडे आमच्या पडद्यावर चित्र होते. त्याचा इंग्रजी आवाज भाच्याने बंद केला. मामा फोन कानाला लावून खुर्चीत ताठ बसला. पाच-सात मिनिटे गेली असतील. पडद्यावर खेळ मध्यभागीच रेंगाळत होता, आणि मामाने एकदम हात वर करून आरोळी ठोकली, “गोल!”

आम्ही पडद्याकडे पाहिले. कुठला गोल? चकती अजून निम्म्या वाटेवरसुद्धा नव्हती. मला क्षणभर काळजी वाटली. भाचाही माझ्याकडे बघू लागला. आणि मग, अर्ध्या-पाऊण मिनिटाने, तांबड्या स्वेटरातला एक गडी उजवीकडून सुटला, त्याने फटका मारला, आणि गोल झाला.

आमचे चित्र इंटरनेटवरून येत होते. ते वाटेत तुकड्या-तुकड्यांनी साठत, थांबत येते, म्हणून मागे पडते. बाईंचे चित्र केबलवरून थेट येत होते, आणि त्यांचा आवाज टेलिफोनच्या तारेवरून लगोलग आमच्या घरी पोचत होता. सगळ्या घरात सामना सर्वांत आधी कळत होता तो ज्याला दिसत नव्हता त्याला!

त्या दिवसापासून हाच रिवाज पडला. सातला फोन येतो. पहिले दोन डाव वर्णन ऐकायचे, मधल्या सुट्टीत बाई आणि मामा पंचांना शिव्या घालतात, एकमेकांची औषधे विचारतात. भाचा आता मामाच्या पायाशी बसतो. मामाने आरोळी दिली की तो पडद्याकडे बघून म्हणतो, “थांबा, येतोय!” आणि त्या अर्ध्या मिनिटात आजोबा नातवाला सांगतात, कोणी दिला, कोणी मारला, कुठून शिरला. नातू मग ते डोळ्यांनी पडताळून पाहतो. बघता बघता त्याला फ्रेंच शब्द येऊ लागले आहेत. ‘रोंदेल’ त्याला येतो, ‘लांसे फ्रापे’ही येतो.

मी परत निघाले तेव्हा विमानतळावर मामा म्हणाला, “एवढी धडपड केलीस माझ्यासाठी.” मी म्हटले, “मामा, मी तर काहीच केलं नाही. केलं ते मादामनी.” तो म्हणाला, “चकल्या तू आणल्यास ना? मग झालं तर!”

कॅनडातच 2008 पासून हॉकीचे धावते वर्णन पंजाबी भाषेतही होऊ लागले. हरनारायण सिंग या तरुणाचा आवाज 2016 साली तिकडे घरोघरी गाजला. तिथे जन्मलेली पंजाबी मुले आपल्या आजोबांजवळ बसून सामना पाहतात ती या भाषेमुळे, असे कळते. मला हे ऐकून मामाच आठवला. ज्याच्या त्याच्या कानाला आपापला आवाज लागतो. करार करणाऱ्यांच्या वहीत त्याला रकाना नसतो, एवढेच.

यंदाही दिवाळीच्या फराळातून दोन डबे आधीच बाजूला काढले आहेत. एक मिसिसागाचा, एक मॉन्ट्रियलचा. मॉन्ट्रियलच्या डब्यात चकल्या जरा जास्त घातल्या आहेत. हंगाम ऐंशीहून अधिक सामन्यांचा असतो!